हाड कशाने मेलं? उजव्या रेडियसच्या एका चार्टचा प्रकरण अभ्यास

डॉक्टरांच्या नोटमध्ये निदानाखाली दोनच ओळी होत्या. "उजव्या डिस्टल रेडियसचं ॲव्हॅस्क्युलर नेक्रोसिस. स्प्लिंट, वेदनाशामक, सहा आठवड्यांनी पुन्हा तपासणी." म्हणजे कोपर ते मनगट या भागातल्या रेडियस हाडाचं मनगटाकडचं टोक रक्तपुरवठा तुटून मेलेलं. त्याच्या बरंच वर, जुन्या आजारांच्या रांगेत, अस्थमा, दोन वर्षांपूर्वी उजव्या हातावर पडल्याची नोंद आणि तिसरं "एच/ओ सिकलसेल". एवढंच. सिकलसेलचा प्रकार नाही, तपासणीचा आकडा नाही, आणि त्या तीन नोंदींचा मेलेल्या हाडाशी काही संबंध आहे का, याबद्दल एक अक्षर नाही.

हा चार्ट अमेरिकेतल्या एका हाडांच्या क्लिनिकचा. रुग्ण तिशीच्या आतली, बाह्यरुग्ण म्हणून आलेली. ओळख पटेल असे सगळे तपशील मी इथे बदलले आहेत. वैद्यकीय गाभा आणि कोड मात्र जसेच्या तसे आहेत. मी नागपुरात बसून अशा चार्टांचं ऑडिट करते. आमचे कोडर चार्ट वाचतात, निदानाला आयसीडी-१०-सीएमचा, म्हणजे अमेरिकेतल्या आजारांच्या कोडपुस्तकातला, कोड देतात, तो विम्याच्या क्लेमवर जातो. मी त्यातले काही चार्ट पुन्हा वाचते आणि चुकलं असेल तिथे लाल खूण करते. या चार्टवर लाल खूण मीच केली होती, आणि ती करतानाच माझं चुकलं.

आधी कोडरने काय केलं ते. हा मुलगा बीपीटी, म्हणजे फिजिओथेरपीची पदवी, झालेला, मूळचा साताऱ्याकडचा, कामाला लागून जेमतेम वर्ष झालेलं. हाडं त्याला पाठ आहेत. रुग्ण मनगट दुखतं म्हणून आली होती, तरी तो मनगटाच्या कोडकडे गेला नाही, हे मला फार आवडलं. नवे कोडर इथे हमखास घसरतात. कोडिंगच्या मार्गदर्शक सूचनांच्या तेराव्या प्रकरणाच्या सुरुवातीलाच स्पष्ट लिहिलंय की हाडाचा वरचा किंवा खालचा टोकाचा भाग बाधित असला, अगदी सांध्याला लागून असला, तरी जागा म्हणून हाडच धरायचं, सांधा नाही. आणि तिथे उदाहरण म्हणून एम८७ हाच मेलेल्या हाडांचा गट दिलेला आहे. डिस्टल रेडियस म्हणजे मनगटाला टेकलेलं टोक, पण कोड रेडियसचा.

मग त्याने दिला एम८७.०३१. इडिओपॅथिक असेप्टिक नेक्रोसिस, म्हणजे जंतुसंसर्गाशिवाय आणि कारण न सापडता मेलेलं हाड; उजवा रेडियस. एम८७.०३ या घरात रेडियस, त्याच्या शेजारची अल्ना आणि मनगटाची छोटी हाडं म्हणजे कार्पस अशी तिन्ही राहतात, आणि शेवटचा आकडा हाड आणि बाजू दोन्ही सांगतो. १ उजवा रेडियस, २ डावा, ३ बाजू न लिहिलेला. ४, ५, ६ अल्नाचे. ७, ८, ९ कार्पसचे. इतर गटांत "९ म्हणजे बाजू माहीत नाही" अशी सवय बोटांना लागलेली असते. ती इथे चालवली तर रेडियसचा रुग्ण थेट कार्पसमध्ये जाऊन पडतो. मुलाने तेही सांभाळलं होतं.

या बारकाईची किंमत कळायला थोडं मागे जावं लागतं. १ ऑक्टोबर २०१५ पर्यंत अमेरिकेत आयसीडी-९ चालत होतं. त्यात ७३३.४ खाली खांद्याच्या हाडाचं डोकं, मांडीच्या हाडाचं डोकं आणि मान, गुडघ्याजवळचा कॉन्डाइल, घोट्यातला टेलस आणि जबडा यांना स्वतंत्र आकडा होता. कोपर ते मनगट या भागाला नव्हता. रेडियस मेला काय, अल्ना मेली काय, सगळे ७३३.४९ म्हणजे "इतर हाड" मध्ये. आयसीडी-१०-सीएमने हाताला स्वतःची खोली दिली, उजवी-डावी वेगळी केली, आणि सोबत एक प्रश्नही आणला जो जुन्या पुस्तकात एवढ्या जोरात विचारलेला नव्हता: हे हाड मेलं कशाने?

एम८७ ची सगळी मांडणी या प्रश्नावर उभी आहे. एम८७.० इडिओपॅथिक, एम८७.१ औषधामुळे, एम८७.२ जुन्या दुखापतीमुळे, एम८७.३ इतर दुय्यम कारणांनी, एम८७.८ इतर प्रकार. प्रत्येकाखाली पुन्हा तेच रेडियस, अल्ना, कार्पस. म्हणजे एकाच उजव्या रेडियससाठी ०३१, १३१, २३१, ३३१, ८३१ असे पाच दरवाजे. आणि सिकलसेलसारख्या रक्ताच्या आजाराने हाड मेलं असेल तर यातला एकही दरवाजा नाही, त्यासाठी एम९०.५, "अन्यत्र वर्गीकृत आजारांतील ऑस्टिओनेक्रोसिस", म्हणजे दुसऱ्या आजारामुळे मेलेलं हाड.

आता आमच्या रुग्णाकडे बघा. पडल्याची नोंद आहे, म्हणजे २३१ खुणावतो. अस्थम्यासाठी गेल्या हिवाळ्यात ५ दिवस प्रेडनिसोन दिलं होतं, म्हणजे १३१ आणि सोबत स्टेरॉइडच्या दुष्परिणामाचा टी३८.०एक्स५ए. महाराष्ट्रात हा दरवाजा तर सगळ्यांना पटकन दिसतो. २०२१ मध्ये कोविडमधून बरे झालेल्या तरुणांच्या खुब्याच्या एव्हीएनच्या, म्हणजे ॲव्हॅस्क्युलर नेक्रोसिसच्या, बातम्या मुंबईतून आल्या तेव्हापासून "स्टेरॉइड घेतलं की खुबा जातो" हे किराणा दुकानातही ऐकू येतं. आमच्याच टीममध्ये दोघांचं मत १३१ चं पडलं होतं. पण नोटमध्ये डॉक्टरांनी औषधाला जबाबदार धरलेलं नाही. चार्टमध्ये गोळी दिसली म्हणून कोडरने तिच्यावर आरोप ठेवायचा नसतो.

मुलाने यातलं काहीच धरलं नाही. "मॅडम, डॉक्टरांनी कारण लिहिलं नाही, म्हणून इडिओपॅथिक," हे त्याचं उत्तर. अनेक ठिकाणी असंच चालतं. मला ते पटत नाही, आणि इथे जरा थांबून सांगते का. इडिओपॅथिक हा रिकाम्या जागेत भरायचा शब्द नव्हे. डॉक्टर जेव्हा इडिओपॅथिक म्हणतात तेव्हा त्यांनी कारण शोधलेलं असतं आणि ते सापडलेलं नसतं. ते एक वैद्यकीय मत आहे. कारण लिहायचंच राहिलं, ही वेगळी गोष्ट. न लिहिलेल्या कारणाला "कारण नाही" असं वाचलं तर आपण डॉक्टरांच्या तोंडी त्यांनी न उच्चारलेलं वाक्य घालतो.

इथपर्यंत माझं बरोबर होतं. पुढे नाही.

मी चंद्रपूरची. आमच्याकडे सिकलसेल हा शब्द पुस्तकातून येत नाही. शाळेत असताना शेजारच्या घरातली मुलगी महिन्यातून दोनदा "हाडं फुटतात" म्हणून रडायची. तिची आई तिच्या पायांना गरम फडकं बांधून अंगणात बसायची. आशाताई घरोघर यायच्या, बोटातून रक्त घ्यायच्या, सोल्युबिलिटी टेस्ट व्हायची, पॉझिटिव्ह आली की पुढे इलेक्ट्रोफोरेसिस. लग्नाची बोलणी चालू असताना "एएस की एसएस?", म्हणजे वाहक की आजारी, हे विचारणारी घरं मी पाहिली आहेत. १ जुलै २०२३ ला शहडोलहून सिकलसेल निर्मूलनाची राष्ट्रीय मोहीम सुरू झाली तेव्हा देशाला जे नव्याने सांगितलं गेलं, ते गडचिरोली-चंद्रपूरच्या बायका कधीच्याच जाणत होत्या. त्यामुळे "एच/ओ सिकलसेल" आणि "हाड मेलं" हे एका पानावर दिसताच मला दुसरं काही सुचलंच नाही.

वैद्यकीयदृष्ट्या ते अगदीच चुकीचंही नाही. सिकलसेलमध्ये प्राणवायू कमी झाला की तांबड्या पेशींतलं हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटून लांब दोरे बनवतं, पेशी विळ्यासारखी वाकते, कडक होते, आणि हाडाच्या मगजातल्या बारीक रक्तवाटांत अडकते. त्या तुकड्याला रक्त मिळत नाही, तो मरतो. बहुतेक वेळा हे मांडीच्या किंवा दंडाच्या हाडाच्या डोक्यात होतं. कोपराखाली कमी, पण होतं. साध्या एक्स-रेत सुरुवातीला काही दिसत नाही. एमआरआयत दिसतं, नकाशावरच्या नदीसारखी वळणावळणाची रेघ. आमच्या रुग्णाच्या एमआरआयच्या अहवालात तसंच वर्णन होतं. ताप नाही, सूज दाखवणारी सीआरपी ही रक्तचाचणी सामान्य, म्हणजे जंतुसंसर्गाचा, ऑस्टिओमायलायटिसचा प्रश्न डॉक्टरांनी बाजूला ठेवलेला.

मी मुलाचे गुण कापले आणि शेऱ्यात लिहिलं: "सिकलसेल आहे. एम९०.५३१ वापर." त्याने वापरला. रुग्ण हातासाठी आली होती, म्हणून हाताचा कोड पहिला. त्याखाली सिकलसेलचा डी५७.१.

तीन दिवसांनी क्लेम परत आला.

पैसे देणाऱ्या विमा कंपनीपर्यंत तो गेलाच नव्हता. आधीच्या यांत्रिक तपासणीतच अडकला होता. एम९०.५३१ हा मॅनिफेस्टेशन कोड आहे, म्हणजे मूळ आजार दुसरीकडे आणि हा त्याचा परिणाम. असे कोड कधीही पहिल्या क्रमांकावर बसत नाहीत. एम९०.५ खाली टॅब्युलरमध्ये, म्हणजे कोडच्या क्रमवार यादीत, सूचनाच आहे की मूळ आजार आधी लिहा, आणि उदाहरणं दिली आहेत: खोल पाण्यात काम करणाऱ्यांना होणारा केसॉन आजार आणि हिमोग्लोबिनचे आजार. रुग्ण कशासाठी आला हे बाह्यरुग्ण कोडिंगमध्ये पहिलं लिहायचं, हा नियम मुलाला पाठ होता, आणि तो खराच आहे. पण मूळ आजार आणि परिणाम ही जोडी आली की तिचा क्रम त्या नियमाच्या वरचढ ठरतो. मी त्याला कोड सांगितला, क्रम सांगितला नाही, आणि दुरुस्त चार्ट पुन्हा उघडून पाहिला नाही. ती चूक माझ्या खात्यात.

टीएलचं, म्हणजे टीम लीडरचं, म्हणणं सरळ होतं. "दोन ओळी वर-खाली करा आणि पाठवा. एका मिनिटाचं काम आहे." खरं होतं ते. डी५७.१ वर, एम९०.५३१ खाली, क्लेम सुटला असता. तसं करायला मी चार्ट उघडला, आणि पहिल्यांदा, माझा शेरा डोक्यात न ठेवता, तो कोरा वाचला.

सिकलसेल आणि रेडियस यांना जोडणारा एकही शब्द डॉक्टरांनी लिहिलेला नव्हता. जोडलं होतं मी. टीममधल्या दोघांनी स्टेरॉइडवर बोट ठेवलं तेव्हा मी त्यांना जे सांगितलं, तेच मी स्वतः मोडलं होतं. त्यांनी कोविडच्या बातम्यांवरून गोळीला धरलं. मी अंगणातल्या मुलीवरून सिकलसेलला धरलं. पुरावा दोघांकडेही सारखाच होता.

आणखी एक गोष्ट दिसली. "एच/ओ" म्हणजे हिस्टरी ऑफ. कोडिंगमध्ये या शब्दाचा अर्थ आजार होऊन गेला, आता नाही, असा होतो, आणि त्यासाठी झेड८६.२ आहे. सिकलसेल होऊन जात नाही; डॉक्टर लोक बोलीभाषेत "आहे" ऐवजी "हिस्टरी" लिहितात हे आम्हाला रोज दिसतं. तरी पुढचा प्रश्न राहतोच. नुसतं सिकलसेल म्हणजे आजार, की फक्त वाहक? वाहकाचा कोड डी५७.३. पुस्तकात प्रकार न सांगितलेला सिकलसेल आजार डी५७.१ कडे जातो, पण नोटमध्ये "आजार" हा शब्दही नव्हता.

म्हणून क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न. क्वेरी लिहिणं हे कौशल्याचं काम आहे, आणि त्याबद्दल आमच्या क्षेत्रात पुरेसं बोललं जात नाही. डॉक्टरांना आपल्याला हवं ते उत्तर सुचवायचं नाही, कोणत्या उत्तराने पैसे कमी-जास्त मिळतील याचा उल्लेख करायचा नाही, चार्टमध्ये जे आहे तेच समोर ठेवायचं, आणि "अन्य" व "ठरवता येत नाही" हे दोन दरवाजे नेहमी उघडे ठेवायचे. मी मुलाला शेजारी बसवलं आणि आम्ही दोघांनी मिळून ती लिहिली. इंग्रजीत गेली, मजकूर साधारण असा:

"आपल्या नोटमध्ये उजव्या डिस्टल रेडियसच्या ॲव्हॅस्क्युलर नेक्रोसिसचं निदान आहे. त्याच नोटमध्ये सिकलसेलचा उल्लेख (प्रकार नमूद नाही), दोन वर्षांपूर्वी पडून उजव्या मनगटाला मार (फ्रॅक्चर नाही) आणि गेल्या हिवाळ्यात अस्थम्यासाठी ५ दिवस प्रेडनिसोन अशा नोंदी आहेत. आपल्या वैद्यकीय मतानुसार नेक्रोसिसचं कारण सांगता येत असल्यास कृपया नोंदवावं: सिकलसेलशी संबंधित, प्रकार व सध्याची स्थिती लिहून, पूर्वीच्या दुखापतीमुळे, औषधामुळे, औषधाचं नाव लिहून, इडिओपॅथिक, अन्य, ठरवता येत नाही."

पहिल्या मसुद्यात मुलाने "सिकलसेलमुळे झालं आहे का, कृपया पुष्टी करावी" असं लिहिलं होतं. ते वाक्य मी काढायला लावलं. त्याने विचारलं, "पण मॅडम, तेच असणार ना?" मीही मनातून तेच म्हणत होते. म्हणूनच ते वाक्य काढायचं होतं.

दोन दिवसांनी डॉक्टरांची पुरवणी नोंद आली. "उजव्या डिस्टल रेडियसचा ऑस्टिओनेक्रोसिस, हिमोग्लोबिन एससी आजारामुळे. सध्या क्रायसिस (तीव्र वेदनेचा झटका) नाही. जुनी दुखापत आणि प्रेडनिसोन यांचा संबंध वाटत नाही."

एससी. एसएस नाही, एएस नाही. मी ती ओळ तीनदा वाचली. इतकी वर्षं सिकलसेलच्या मुलखात वाढलेल्या मला ही शक्यता शिवलीही नव्हती, कारण आमच्याकडे ती जवळजवळ नसतेच. हिमोग्लोबिन सी हे पश्चिम आफ्रिकेचं, घाना, बुर्किना फासोच्या पट्ट्यातलं. आफ्रिकी वंशाच्या लोकांबरोबर ते अमेरिकेत पोचलं, आणि तिथे सिकलसेलच्या रुग्णांत एसएसच्या खालोखाल एससीच भेटतात. विदर्भातल्या गावांत एसएस आणि एएस या दोन अक्षरजोड्यांनी माणसांची विभागणी होते. माझ्या डोक्यातही दोनच कप्पे होते, आणि तिसऱ्या देशातल्या बाईला मी त्यातल्या एकात बसवलं होतं.

दुपारी चहाच्या वेळी मुलाने विचारलं, "मॅडम, एससी म्हणजे नेमकं काय?" टपरीवर बसून मी कागदी कपावर पेनाने काढून दाखवलं. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या जागेवर ग्लुटामिक आम्ल असतं. तिथे व्हॅलीन आलं की ते एस. त्याच सहाव्या जागेवर लायसीन आलं की ते सी. आईकडून एक, बाबांकडून दुसरं आलं की मूल एससी. रक्त एसएसइतकं उतरत नाही, म्हणून हा आजार बरेचदा सौम्य समजला जातो. पण डोळ्याचा पडदा आणि हाडं यांना तो सोडत नाही. तो कप त्याने धुऊन आपल्या डेस्कवर नेऊन ठेवला.

शेवटी क्लेमवर गेले ते दोन कोड असे. पहिला डी५७.२०, सिकलसेल/एचबी-सी आजार, क्रायसिसविना. दुसरा एम९०.५३१, अन्यत्र वर्गीकृत आजारांतील ऑस्टिओनेक्रोसिस, उजवा फोरआर्म. उजव्या फोरआर्मच्या दुखण्याचा एम७९.६३१ लावला नाही; दुखणं हे या निदानाचाच भाग आहे. एम८७ मधला कोणताही कोड सोबत नाही, कारण एम८७ च्या डोक्यावर एक्स्क्लूड्स-१ ची टीप आहे आणि त्यात एम९० ते एम९३ येतात. म्हणजे दोन्ही एकत्र लिहायचे नाहीत.

मुलाला एक खंत राहिली, आणि ती मला रास्त वाटते. एम९०.५३१ मध्ये नुसतं "फोरआर्म" आहे. रेडियस की अल्ना, हे त्यात कळतच नाही. त्याचा पहिला कोड हाडाच्या बाबतीत जास्त नेमका होता. कारण नेमकं सांगायला गेलं की हाडाचं नाव हरवतं; या पुस्तकात दोन्ही एका कोडमध्ये मिळत नाहीत. आणि इथेच आणखी एक खाच आहे जी मी टीमला मुद्दाम दाखवते. एम८७ मध्ये कार्पस हा रेडियस-अल्नाच्या घरात राहतो, पण जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ जागांच्या यादीत तो हाताच्या पंजात, म्हणजे ४ मध्ये धरलेला आहे. तेव्हा याच रुग्णाचं मनगटातलं ल्युनेट हे छोटं हाड मेलं असतं तर एम९०.५३ ऐवजी एम९०.५४ कडे बघावं लागलं असतं. आणि कसलाही रक्ताचा आजार नसलेल्या प्रौढाच्या ल्युनेटला डॉक्टरांनी कीनबॉक म्हटलं, तर एम८७ सोडून थेट एम९३.१, ज्यात उजवं-डावं लिहायची सोयच नाही. एकाच मनगटाच्या दोन बोटं अंतरात तीन वेगळे गट उघडतात.

मुलाचे कापलेले गुण मी परत दिले. इडिओपॅथिकबद्दलचं माझं मत तसंच आहे आणि ते त्याला सांगितलं. पण त्या दिवशीच्या नोटवरून एम९०.५३१ हे माझं उत्तर त्याच्या उत्तराइतकंच निराधार होतं, आणि एका निराधार उत्तराने दुसऱ्याचे गुण कापता येत नाहीत. टीएलला मेल करून कारणही लिहिलं.

त्यानंतर आम्ही त्या रुग्णाचे आमच्याकडे असलेले जुने एन्काउंटर, म्हणजे आधीच्या भेटींच्या नोंदी, काढले. तीन निघाले, तिन्ही वेगवेगळ्या कोडरांनी केलेले. एकात डी५७.१, एकात वाहक म्हणून डी५७.३, आणि एकात झेड८६.२, म्हणजे आजार होऊन गेला. एकच बाई, एकच रक्त. त्या नोट दुसऱ्या डॉक्टरांच्या आहेत, आणि आजच्या पुरवणीवरून कालच्या नोटचा कोड बदलता येत नाही. प्रत्येकाला वेगळी क्वेरी जाणार. दोन गेल्या आहेत. तिसरीचा मसुदा मुलाने लिहिलाय, त्यात पर्याय पाच आहेत आणि "पुष्टी करावी" हे शब्द कुठेही नाहीत.